दुसऱ्याचं कार्ड

आमी मूळचे निघोज्याचेच. सासऱ्यांची जमीन कंपन्यांत गेली, तवापासून घरात शिफ्टचंच घड्याळ. मी कमळा, चार बुकं शिकलेली, तोंडानं फटकळ, ते तुमाला दिसतंयच.

आता कंपनीतली एक खोड सांगते, कुनी कबूल करनार न्हाई पन समदे करत्यात. एकाला घरी काम निघालं की दुसरा त्याचं हजेरीचं कार्ड पंच करतो. पुनावळ्याला माझ्या भाचीचा साखरपुडा होता, तवा मीच ह्यांना म्हनलं, अवो, द्या की दत्ताभाऊंकडं कार्ड. दत्ताभाऊ म्हंजी ह्यांच्याच लाइनवरचे, घराशेजारचे, भावापरीस जास्ती. आन् नेमकी त्याच शिफ्टला गोडाऊनमधून तांब्याची तार गेली.

पोलिसांनी ह्यांनाच उचललं. का, तर कार्ड आत हाय पन मानूस मशीनवर कुनी बघितला न्हाई, मंग तारच काढत आसनार! मी बोंबलून सांगते, मानूस पंगतीत जिलबी वाढत होता, पाहुन्यांना इचारा, तर सायेब म्हनतो पाहुनं तुमचंच, कार्ड खोटं बोलत न्हाई. जामीन न्हाई, नुसत्या तारखा. आन् आमचं येडं मानूस दत्ताभाऊंचं नाव घीना. मला शपथ घातली, त्याची नोकरी जाईल, पोरं ल्हान हायती, तू गप ऱ्हा. दोन वर्सं गिळलं मी ते.

मंग पिंपळे सौदागरची सुमेधा आली, कॅमेरा घिऊन. निकालाबिगर आत पडलेल्या मानसांवर फिलम करती म्हनली. मी म्हनलं, बाई, वकिलाला जमंना, तुझ्या डबड्याला काय जमनार? ती हसली. रोज यायची, भाकरी थापू लागायची, इचारायची कमी.

एक दिवस दत्ताभाऊंना आमच्या वट्यावर बसवलं. ते म्हनले, मला काय म्हाईत न्हाई. काय सांगू तुमाला, ती पोरगी पुढं बोललीच न्हाई. कॅमेरा चालू, ही गप, मी दारात च्या घिऊन उभी, च्यावर साय धरली तरी ही गप. दत्ताभाऊ खाली बघत्यात, वर बघत्यात, माझ्याकडं बघत्यात, आन् एकदम हमसून रडले. म्हनले, कार्ड मी पंच केलं, वैनी, मीच केलं.

आन् ती काय म्हनली ऐका. दादा, नोकरी जाईल तुमची, नको आसंल तर आत्ता पुसून टाकते. माझ्या अंगाचा तिळपापड झाला, म्हनलं सटवे, पुसती काय! तिनं मला हातानं थांबवलं आन् त्यांच्याकडंच बघत ऱ्हायली. लई येळानं दत्ताभाऊ म्हनले, पुसू नका, कोर्टात बी सांगतो. आजून आठवलं की काटा येतो बघा. दोन वर्सांत इतक्या लोकांनी इतकं इचारलं, पन आसं कुनी थांबलं नव्हतं.

त्यांनी सांगितलं कोर्टात. ह्यांना जामीन झाला, केस आजून हाय. दत्ताभाऊंची नोकरी गेली, आता टेम्पो चालवत्यात. त्यांच्या लेकरांना काय कमी पडू नये, एवढंच मागते मी.

हे सुटून आले तवा भाकरतुकडा घिऊन मी दारात उभी, आन् हे आपल्या दारावरनं तसंच पुढं, थेट दत्ताभाऊंच्या वट्यावर. दोघं तिथंच बसले. मंग मीच तिकडं गेले, आन् भाकरतुकडा दोघांवरनं बी ओवाळून टाकला.