व्हय सायेब

उपासना : आई, परत एकदा नीट सांग. खाकीतला तो माणूस साडीच्या दुकानात आला, आणि?

सुलाबाई : मी फरशी पुसत हुतो. म्हणाला, साडी चोरलीस, कॅमेऱ्यात दिसलीयास. मी म्हटलं, व्हय सायेब.

उपासना : तू चोरली नव्हतीस.

सुलाबाई : न्हाय की.

उपासना : मग व्हय कशाला म्हणालीस?

सुलाबाई : निपाणीला तंबाखूच्या वखारीत हुतो तवा खाकीतला मुकादम असंच इचारायचा, पदरात तंबाखू बांधलीस का म्हणून. न्हाय म्हटलं की लुगडं सोडून झडती. व्हय म्हणून पाया पडलं, की शिव्या देऊन सोडायचा. तवापास्नं खाकी दिसली की तोंडातनं व्हयच येतंय बघ.

उपासना : आणि त्याच्याही पाया पडलीस. कुणापुढं वाकायचं नाही, हे मला तूच शिकवलंस ना?

सुलाबाई : तुला शिकवलं, उपा. मला कुठं जमलं?

उपासना : तो पोलीस नव्हताच, हे कधी कळलं?

सुलाबाई : मागनं दुसरं पोरगं फोन घेऊन आलं. मावशी, मजा केली, हसा की. हसलो मी. त्ये बी हाय व्हिडिओत.

उपासना : पोलिसाचं सोंग घेणं गुन्हा आहे. तुझी बदनामी केली, तोही आहे. मी वकील कशाला झाले? उद्या तक्रार देऊ.

मायाप्पा : आन तिथं काय दाखवणार? त्योच व्हिडिओ. गल्लीनं बघून झालं, आता कोर्टातबी सगळ्यांम्होरं तुझ्या आईला पाया पडताना बघू व्हय मी?

उपासना : आप्पा, माझी नोटीस गेल्यावर त्यांनी नेटवरून काढून टाकला तो. पण लोकांनी उचललाय. रोज नव्या ठिकाणी दिसतो, कुणाकुणाला नोटीस धाडू? दुकानाचा मालक म्हणतो, बाईनं स्वतःच्या तोंडानं कबूल केलंय, गिऱ्हाइकं ओळखतात, कामावर कशी ठेवू?

सुलाबाई : त्यो तरी काय करंल.

मायाप्पा : (दारातून बाहेर बघत) उपा, ती पोरं आल्यात. हार हाय हातात. आईच्या पाया पडून माफी मागतो म्हणत्यात.

उपासना : फोन आहे का कुणाच्या हातात?

मायाप्पा : हाय. चालू हाय. मावशीनं माफ केलं का, इचारतोय त्यो.

उपासना : आई, तूच सांग त्यांना. एकदा तरी नाही म्हण.

सुलाबाई : व्हय म्हणावं, केलं माफ. लवकर जातील.