काकूनं उलटा अर्ज केला

आमच्या शांताकाकूची ही गोष्ट मला सांगितल्याशिवाय राहवत नाही. काका वारल्यावर धाकट्या दिरानं जमिनीच्या सातबाऱ्यावरून तिचं नाव कमी करून घेतलं. तिला कुणी विचारलं नाही, की नोटीस आली नाही. तिनं साताऱ्याला प्रांताकडे अपील केलं. सुनावणीला मी सोबत होतो.

पुकारा झाला, पण दीर हजर नव्हता. साहेब म्हणाले, "ते आले नाहीत. तुमचं ऐकून निकाल देतो."

मी खूश. काकू मात्र उभी राहिली. "नगं साहेब. आमी येकाच यष्टीत हुतो. ती मेढ्याच्या घाटात बंद पडली. आमाला जीप घावली, त्यो मागं ऱ्हायला. जरा थांबा."

मी कुजबुजलो, "काकू, हातातला निकाल घालवतेस!"

"गप रं. मला न इचारता नाव काढलं म्हणून मी हितं आले. आता त्याला न इचारता निकाल घिऊ व्हय?"

साहेबांनी पेन खाली ठेवलं. तासाभरानं दीर धापा टाकत आला. कारकुनानं त्याला सगळं सांगितलं. साहेबांनी विचारलं, "बोला, वहिनीला नोटीस पोचली होती?"

दिरानं एकदा काकूकडं बघितलं.

"न्हाई साहेब. नोटीस मीच दाबली. वैनीचं नाव लावा."