नकार मिळेपर्यंत

— थेट कोर्टात? अहो दादा, मीही तशीच गेले होते, तावातावानं. न्यायाधीशांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, बाई, आधी खात्यातले सगळे मार्ग संपवून या. संपवून या — जसं काही ताटातलं संपवायचंय. म्हणजे बघा, खाली अर्ज, तिथून नकार आला की वर अपील, अपिलाचा नकार आला की फेरविचार समिती, आणि समितीनंही नाही म्हटलं की मगच कोर्ट. बसा ना, सरकते मी. या बाकावर होकाराची वाट कुणी बघत नाही, दादा, सगळे नकाराची बघतात. लेखी, शिक्क्यासकट. तोच तर देत नाहीत मेले. अध्यक्षांची बदली, नवे आले तर सदस्य रजेवर, सदस्य आले तर माझी फाइल वरच्या मजल्यावर — ती माझ्यापेक्षा जास्त जिने चढते.

मी? शिवणकाम करते. भाचीसाठी आलेय. बहीण गेली तेव्हा ही एवढीशी होती, माझ्याकडेच वाढली, मशीनच्या पायाशी बसून चिंध्यांच्या बाहुल्या करायची. मग या बालकल्याण खात्याच्या एक बाई तपासणीला आल्या — एकच खोली, त्यात सुया, कात्र्या, मुलीला धोका आहे म्हणाल्या, आणि नेली संस्थेत. धोका म्हणे. माझ्याकडे असताना तिला एकदाही सुई टोचली नाही हो. बरं, एकदा टोचली. पण एकदाच.

महिन्यातून एकदा भेटू देतात. मी काय केलं, ती घरी येईल त्या दिवसासाठी एक फ्रॉक शिवून ठेवला — वाढत्या अंगाची पोर, म्हणून खाली चांगली हातभर दुमड ठेवली. हसू नका, हातभर म्हणजे बोलायची पद्धत. दर भेटीला मिठी मारायच्या निमित्तानं तिची उंची माझ्या खांद्याशी ताडायची, घरी येऊन थोडी दुमड उसवायची. शेवटची उसवली तेव्हा खाली नुसती किनार उरली. म्हटलं, आता थांबण्यात अर्थ नाही, तसाच घेऊन गेले. घालून बघ म्हटलं. तर तिनं तो अंगाला लावला, आणि म्हणाली, मावशी, आमच्या खोलीतल्या छोटीला देऊ का, तिला छान बसेल. वाईट मनानं नाही म्हणाली हो, गुणाची आहे. मग म्हणाली, मैत्रिणी थांबल्यात, जाऊ? मी म्हटलं, जा की. काय म्हणणार?

वकीलबाई म्हणतात, एकदा समितीचा नकार हातात आला की आपण जिंकलोच, कारण कोर्ट पोरीलाच जवळ बोलावून विचारतं, तुला कुठे राहायचंय. त्यांना वाटतं, हे ऐकून मला धीर येतो. मला झोप लागत नाही, दादा. खात्यानं कधी विचारलं नाही तिला, ते एक बरं केलं. कुणी विचारत नाही तोवर ती माझीच आहे ना? कागदावर का असेना, मी तिला मागतेय — एवढं तरी आहे ना माझं?

काय? हो, ऐकली हाक. मलाच मारतायत. समितीचा आदेश तयार असेल — परवाही मारली होती, मी पाणी प्यायला गेले. तुम्ही उठा. त्या खिडकीशी आता कुणी नाही, तुमचं काम करून घ्या. जा, जा. मला काही घाई नाही.