व्रेटलुंड, पेर : फॉरवर्ड

कादंबरी : बाबा, मी फक्त फाइल मागतेय. तुम्ही ती छातीशी धरून का बसलाय?

त्र्यंबक : फाइल नाही, फायली. तीन आहेत. आणि धरलेल्या नाहीत, हातात आहेत.

कादंबरी : मग हातातून टेबलावर ठेवा.

त्र्यंबक : तुला कुणी सांगितलं यांच्याबद्दल?

स्वानंदी : मी. सॉरी, आजोबा. कोच पेर वॉज सो सॅड. मग मी आईला सांगितलं की तुझ्या कपाटात कोच पेरची पूर्ण लाइफ आहे.

त्र्यंबक : तू माझं कपाट उघडलंस?

स्वानंदी : डिंक पाहिजे होता. सायन्स प्रोजेक्टला.

त्र्यंबक : डिंक वरच्या कप्प्यात असतो. या खालच्या कप्प्यात होत्या.

कादंबरी : बाबा, विषय डिंकाचा नाहीये. नीट ऐका. पेर अमेरिकेत आला तो आइस हॉकीचा खेळाडू म्हणून, व्हिसा टीमने केला होता. आता गुडघा गेला, खेळ संपला. त्याला इथेच राहून आपल्या स्वानंदीच्या टीमला कोचिंग करायचंय. त्याने ग्रीन कार्डला अप्लाय केलं. आता इमिग्रेशनचं पत्र आलंय, की तुम्ही मोठे खेळाडू होतात याचा पुरावा द्या. दहा मार्चच्या आत. नाहीतर बायकोमुलांना घेऊन स्वीडनला परत.

त्र्यंबक : पण पुरावा त्याच्याकडे असेल की. सहा सीझन खेळला तो.

कादंबरी : स्वीडनमधलं सगळं त्याच्या आईने जपलंय. अगदी नवव्या वर्षापासूनचं. इथलं कुणी ठेवलंच नाही. नेटवर नुसते आकडे आहेत, आणि आकडे बघून इमिग्रेशनवाल्यांना काय कळणार? त्याच्यावर काय लिहून आलं होतं, ते हवंय. आयोवातला तो छोटा पेपर तर बंदच पडला.

त्र्यंबक : हो, पडला. दोन हजार पाचच्या जूनमध्ये. चांगला पेपर होता. खेळाच्या पानावर शाई जरा जास्त लागायची, तेवढंच.

कादंबरी : आणि तो तुमच्याकडे आहे.

त्र्यंबक : काही अंक आहेत. इथल्या लायब्ररीत महिना झाला की जुने पेपर टाकून देतात. मी विचारून घ्यायचो. म्हणजे, विचारायचो नाही. चिठ्ठी लिहून काउंटरवर ठेवायचो.

स्वानंदी : आजोबा, यू आर सो फनी.

कादंबरी : एकूण किती कात्रणं आहेत?

त्र्यंबक : एकशे त्रेचाळीस. सगळी तारखेनुसार. पेपरचं नाव, तारीख, पान क्रमांक, सगळं लावलेलं आहे. पस्तीस वर्षं कॉलेजच्या लायब्ररीत काढली, दुसरं काही येत नाही मला. पण देता येणार नाहीत.

कादंबरी : का?

त्र्यंबक : खराब आहेत.

स्वानंदी : नाहीत खराब. मी बघितली. एकदम नीट आहेत. फक्त आजोबांनी सगळीकडे मराठीत लिहिलंय, निळ्या पेनने.

कादंबरी : काय लिहिलंय?

स्वानंदी : आय कान्ट रीड इट. आजोबांचं हँडरायटिंग मुंग्यांसारखं आहे.

त्र्यंबक : टिपणं आहेत, माझ्यापुरती. कडेला कोरी जागा असली की हात राहत नाही. पुस्तकांवर मी आयुष्यात कधी लिहिलं नाही. जो लिहायचा त्याचं कार्ड मी महिनाभर बंद करायचो. इथे आल्यावर काय झालं कोण जाणे. वाटलं, या देशात हे कोण वाचणार आहे.

कादंबरी : एवढंच ना? मी वकिलाला फोन करून विचारते. टिपणं झाकून फोटोकॉपी काढता येईल.

त्र्यंबक : झाकून? पुरावा म्हणून द्यायचं आणि झाकायचं?

कादंबरी : विचारते म्हटलं ना. थांबा.

स्वानंदी : आजोबा, एक विचारू? तुला हॉकी आवडते, तर तू माझ्या मॅचला का येत नाहीस?

त्र्यंबक : तिथे सगळे ओरडतात. माझ्याकडून ओरडणं होत नाही. नुसतं बसलं तर लोकांना वाटेल, या माणसाला आपली टीम आवडत नाही.

स्वानंदी : कोच पेर पण ओरडत नाही. तो नुसता हात असा करतो.

त्र्यंबक : माहीत आहे. तो खेळायचा तेव्हाही तसंच करायचा. टीव्हीवर दिसायचं.

कादंबरी : झालं बोलणं. झाकायचं नाही. कागदावर इंग्लिश सोडून दुसऱ्या भाषेत जे काही असेल, त्या प्रत्येक अक्षराचं भाषांतर जोडायचं. खाली भाषांतर करणाऱ्याची सही, की हे बरोबर आहे आणि मला दोन्ही भाषा येतात.

त्र्यंबक : बघ. म्हणून म्हटलं, देता येणार नाहीत.

कादंबरी : बाबा, तुम्ही अख्खी इंग्लिश लायब्ररी वाचून काढली आहे.

त्र्यंबक : वाचणं वेगळं. सही करून मला येतं असं म्हणणं वेगळं. आणि ती टिपणं त्या माणसाने वाचायची? मी कोण त्याच्याबद्दल लिहिणारा? मी कधी बर्फावर उभासुद्धा राहिलेलो नाही. गेल्या वर्षी पोस्टाच्या पेटीपर्यंत गेलो तर पडलो.

कादंबरी : दाखवा तरी. पहिलं कोणतं?

त्र्यंबक : पहिली फाइल. नोव्हेंबर दोन हजार दोन.

कादंबरी : तो तर आधीच्या वर्षी आला होता.

त्र्यंबक : मी दोन हजार दोनला आलो. तुझी आई मे महिन्यात गेली, तू मला नोव्हेंबरमध्ये घेऊन आलीस. आधीच्या वर्षाची नंतर शोधून शेवटी वेगळी लावली, पण त्यांच्यावर टिपण नाही. मी नव्हतो तेव्हा.

कादंबरी : ‘अठ्ठावीस नोव्हेंबर. चौथ्या फळीत खेळतो. म्हणजे सगळ्यात कमी वेळ बर्फावर. एकदाच आला, कुणाची तरी पडलेली काठी उचलून दिली आणि परत गेला. पेपरने हे लिहिलेलं नाही.’ बाबा, हे किती छान आहे.

त्र्यंबक : साधं आहे. पुढचं वाचू नकोस.

कादंबरी : का? ‘चौदा जानेवारी. आज याने एक गोल केला. घरात सांगायला कुणी नव्हतं. क. ला सांगितलं नाही, पण परत जावंसं वाटतं. पुण्याचं घर विकायला नको होतं.’

त्र्यंबक : म्हटलं होतं वाचू नकोस.

कादंबरी : क. म्हणजे मी.

त्र्यंबक : ते जानेवारीतलं आहे. जानेवारीत इथे सगळ्यांनाच परत जावंसं वाटतं. पेरलाही वाटलं असेल.

कादंबरी : घर विकायचं मीच म्हणाले होते.

त्र्यंबक : सही मी केली. तू रडू नकोस, शाई पसरेल. पुढे बघ. मार्चमध्ये लिहिलंय, ‘आज स्वानंदीला काऊ म्हणायला शिकवलं.’ तेही व्रेटलुंडच्या कात्रणावरच. दुसरा कागद हाताशी नव्हता.

स्वानंदी : मी पण आहे त्याच्यात? सो इमिग्रेशन विल रीड अबाउट मी?

त्र्यंबक : कुणी काही वाचणार नाही. फायली परत कपाटात जातील.

कादंबरी : ठीक आहे. ही जानेवारीची काढून टाकू. एकशे बेचाळीस देऊ.

त्र्यंबक : असं मधलं काढता येत नाही. मी प्रत्येकावर अनुक्रमांक घातलाय. अकराच्या पुढे तेरा आला तर बघणारा म्हणेल, बारावर काय होतं? मग त्याचा कशावरच विश्वास बसणार नाही.

कादंबरी : मग सगळी द्या.

त्र्यंबक : तिसऱ्या फाइलमध्ये एक आहे. ते गेलं तर त्याचं ग्रीन कार्ड माझ्यामुळे बुडेल. ते असताना मी कशावरही सही करणार नाही.

कादंबरी : काय आहे ते?

त्र्यंबक : एकशे सतरा. ऑक्टोबर दोन हजार सहा. गुडघ्याचं ऑपरेशन झाल्यावरचं. तूच वाच. मला म्हणवत नाही.

कादंबरी : ‘हा आता संपला.’

स्वानंदी : संपला मीन्स फिनिश्ड? आजोबा, दॅट्स मीन.

त्र्यंबक : हो. मीन आहे. त्या दिवशी माझाही गुडघा दुखत होता. रागाने लिहिलं. माणूस स्वतःवरचा राग कुठेतरी काढतो. पण सरकारच्या माणसापुढे ते माझ्या सहीने जाणार, त्याचीच टिपणं ठेवणारा म्हणतो की हा संपला. मग त्यांनी त्याला कशाला ठेवून घ्यावं?

स्वानंदी : कोच पेर शनिवारी आम्हाला म्हणाला, मे बी नेक्स्ट यिअर तुम्हाला दुसरा कोच येईल. अहिल्या लॉकर रूममध्ये रडली. आणि ती गोली आहे, ती कधीच रडत नाही.

त्र्यंबक : गोली म्हणजे?

स्वानंदी : गोलकीपर. आजोबा, यू हॅव थ्री फाइल्स, आणि तुला गोली माहीत नाही?

त्र्यंबक : पेपरात पूर्ण लिहितात.

कादंबरी : बाबा. एकशे अठरा वाचू?

त्र्यंबक : त्यात काही नाही.

कादंबरी : ‘सात जानेवारी दोन हजार सात. व्रेटलुंड परत आला. साडेचार मिनिटं खेळला. गोल नाही. दोनदा पडला, दोन्ही वेळा दुसऱ्याची वाट न बघता उठला. क्र. ११७ वरील नोंद चुकीची आहे. चूक माझी. त्र्यं.’ हे तुम्ही का नाही सांगितलं?

त्र्यंबक : त्यात सांगण्यासारखं काय? चुकीची नोंद झाली तर पुढे दुरुस्ती लिहायची असते. मागची खोडायची नसते. लायब्ररीत पहिल्या दिवशी शिकवतात.

कादंबरी : अहो, हाच तर पुरावा आहे. ज्याने त्याला संपला म्हटलं तोच माणूस तीन महिन्यांनी म्हणतो, मी चुकलो. यापेक्षा पेपरवाले आणखी काय लिहिणार?

त्र्यंबक : तुला खरंच तसं वाटतं? की मला बरं वाटावं म्हणून?

कादंबरी : मला वाटतं. आणि स्वानंदीच्या टीमला वाटतं.

स्वानंदी : टीमला माहीतच नाहीये.

कादंबरी : तू गप्प बस जरा.

त्र्यंबक : एकशे सतरा आणि एकशे अठरा एकापाठोपाठ लागले पाहिजेत. मध्ये दुसरा कागद जाता कामा नये.

कादंबरी : नाही जाणार. मी स्वतः लावीन.

त्र्यंबक : आणि भाषांतर मी करीन. तू घाई करतेस. टायपिंग तू कर. सहीचं मग बघू.

कादंबरी : सहीचं आत्ताच बघायचं.

त्र्यंबक : बरं. करतो. शाईचं पेन आण. आणि स्वानंदी, तो डिंक वरच्या कप्प्यात ठेव.

(सात आठवड्यांनंतर. तेच टेबल. बाहेर अजून थोडा बर्फ आहे.)

कादंबरी : बाबा, झालं. पेरच्या बायकोचा फोन होता. अप्रूव्ह झालं.

त्र्यंबक : नक्की? कागद आला, की नुसतं तोंडी?

कादंबरी : कागद आलाय. ती फोनवर हसत होती आणि रडत होती. मला अर्धंच कळलं, पण तेवढं पुरलं.

स्वानंदी : अहिल्याने ऑलरेडी सगळ्यांना सांगितलंय. आजोबा, यू आर फेमस. कोच पेरने रिंकवर विचारलं, हूज ग्रँडफादर इज मिस्टर त्र्यंबक?

त्र्यंबक : मग तू काय सांगितलंस?

स्वानंदी : मी स्टिक वर केली.

त्र्यंबक : त्याने माझं भाषांतर वाचलं असेल का? सगळं?

कादंबरी : तिन्ही फायली त्याने ठेवून घेतल्या होत्या, चार दिवस. आज परत दिल्या. म्हणाला, माझ्या आईकडे माझं अर्धं आयुष्य आहे, उरलेलं एका अशा माणसाकडे सापडलं जो मला कधी भेटला नाही. आणि विचारत होता, हे मला कुठून बघायचे? स्टेडियममध्ये कुठे बसायचे?

त्र्यंबक : तू सांगितलं नाहीस ना?

कादंबरी : सांगितलं. सोफ्यावर, टीव्हीचा आवाज बंद करून.

त्र्यंबक : आता तो काय म्हणेल.

कादंबरी : त्याने फक्त मान हलवली. तोही कमी बोलतो, बाबा. तुमच्यापेक्षा एखादाच शब्द जास्त.

त्र्यंबक : कात्रणं मोजलीस? एकशे त्रेचाळीस आहेत?

कादंबरी : मोजा तुम्हीच.

त्र्यंबक : चार, पाच, सहा. हे काय? सातवर कुणीतरी लिहिलंय. हिरव्या पेनने. ही माझी शाई नाही.

स्वानंदी : कोच पेरचं पेन ग्रीन असतं. तो बोर्डवर तेच वापरतो.

कादंबरी : सात कोणतं?

त्र्यंबक : त्याची पहिली मुलाखत. डिसेंबर दोन हजार दोनमधली. त्याला विचारलं होतं, इथे सगळ्यात अवघड काय वाटतं? तर तो म्हणतो, बर्फाचं काही नाही, बर्फ आमच्याकडेही आहे. पण दुकानात जायचं असलं की काय बोलायचं ते मी घरी आरशापुढे पाठ करतो. तरी काउंटरवर गेलो की विसरतो.

कादंबरी : आणि तुम्ही कडेला काय लिहिलं होतं? टाइप करताना मला वाटलं, काहीतरी राहून गेलंय. एकच शब्द होता.

त्र्यंबक : ‘मीही.’

स्वानंदी : आणि त्याच्या खाली कोच पेरने काय लिहिलं?

त्र्यंबक : त्याच्या भाषेत आहे. दोन छोटे शब्द.

कादंबरी : आता याचं भाषांतर कोण करणार?

स्वानंदी : वेट, मी कॉम्प्युटरवर बघते. आजोबा, स्पेलिंग सांग.

त्र्यंबक : राहू दे, बाळ. मला वाचता येतंय.