झगा कुणी धरायचा?

...नाही, पण मला सांगा, कुणी शहाणं माणूस असं काम पत्करेल का? नटीची व्यवस्थापक म्हणे! कॉलेजात शिकले मानसशास्त्र, आणि कंपनीनं पहिल्याच दिवशी बजावलं, "सेत्सुयोबाई सकाळच्या मालिकेत आजी झाल्यात. तरुणपणी त्यांनी प्रौढांसाठीचे सिनेमे केलेत, एकदोन नाही, ढिगानं! प्रायोजकाला कळलं तर आजी गेली आणि तूही गेलीस!" आता तुम्हाला सांगते, माझं काळीज आधीच चिमणीचं. भाताचा कुकर वाजला तरी दचकते मी!

आणि प्रायोजक कोण? मिसोवाले! घराघरातलं सकाळचं सूप त्यांच्या त्या आंबवलेल्या सोयाबीनचं! त्यांचे इगाराशीसाहेब टाय लावून रोज सेटवर हजर. कुणी बाईंकडं जरा निरखून पाहिलं की मी मध्ये... "बाई, मफलर घ्या, बाई, तोंड तिकडं करा..." बाई म्हणायच्या, "अगं नोनाका, मी नटी आहे की फरारी?"

मग परवा आला न्हाणीचा प्रसंग. नातसून झालेली हिनानो, चोवीस वर्षांची, तिनं टबात बसायचं, नुसते खांदे उघडे. पण ती टॉवेल सोडेचना, दिग्दर्शक कुरामोची "चला, चला, वेळ चाललाय" करतायत, सगळा सेट टकामका बघतोय... आणि आमच्या बाई उठल्या! "ए! ज्यांना काम नाही ते बाहेर! हीटर कुठाय? झगा कुणाच्या हातात आहे? कट म्हटल्याबरोबर पोरीच्या खांद्यावर पडला पाहिजे! आणि ते टायवाले, तुमचं काय काम इथं? निघा!"

टायवाले! अहो, साक्षात मिसो बाहेर काढला! चिमणीचं काळीज माझं, मी घाईनं त्यांच्यामागं दार लावून घेतलं.

हिनानोनं हळूच विचारलं, "आजी, तुम्हाला हे कसं ठाऊक?" मी मागून हातवारे करतेय, नको, नको... आणि बाई सरळ, "प्रौढांच्या सिनेमांतच काम शिकले मी, बाळ. पहिल्या वेळी माझा झगा कुणी धरला नव्हता. मग पुढं प्रत्येक नव्या मुलीचा मी धरला." कुरामोचींनी मान खाली घातली. "ताई, त्या सिनेमांत शॉटआधीची पाटी वाजवायचो मी. तुम्हीच शिकवलंत, आणि आज विसरलो." वरून दिवेवाला ओरडला, "मीपण होतो, ताई!" म्हणजे बघा! इतके दिवस मी लपवत होते ते कुणापासून?

प्रसंग एका फटक्यात झाला. मी माफी मागायला बाहेर पळाले, कमरेत वाकले ती सरळच होईना. इगाराशीसाहेब म्हणाले, "आतलं सगळं ऐकलं. दार पातळ आहे." संपलं! मी मनातल्या मनात गाशा गुंडाळला. तर ते खाकरले, "माझी लेक नटी व्हायचं म्हणते. मी नाहीच म्हणत आलोय. या बाई... तिच्या सेटवर येतील का हो?"

म्हणजे आजी राहिली, नोकरी राहिली. काय बाई आहे, सांगा! सगळं आयुष्य उघड्यावर काढलं, आणि लाज कुणाची राखली, तर दुसऱ्यांची! पण "मी एकटी कुठंकुठं पुरणार गं?" म्हणून झगा दिला कुणाच्या हातात? माझ्या! आता नव्या मुलींच्या सेटवर मी उभी असते, आणि "कट!" ऐकलं ना, की त्या नाही हो दचकत...

मीच दचकते!