तळहातावरचं नाव

बेटिओ बेटावरच्या अमेरिकन मरीन स्मारकापाशी बसची वाट पाहणाऱ्या नर्स काउमाईला पुढच्या दोन म्हाताऱ्यांचं बोलणं नको असतानाही ऐकू येत होतं.

"तुझ्या डुकरांच्या खोपटाखाली म्हणे महायुद्धातला मरीन सैनिक पुरलेला सापडला?"

"हो गं. अमेरिकेहून आलेल्या पोरांनी वाळू चाळून दातसुद्धा वेचले. ऐंशी वर्षांनी घरी निघालाय."

"नशीबवान!"

"मी म्हटलं, बाबांनो, माझ्या लेकाची, इओतेबाची कबर समुद्रानं गिळली. तेवढी किनाऱ्याची वाळूही चाळा."

"मग?"

"म्हणाले, आजी, आमच्या यादीत फक्त मरीन."

"मुडदा बसो मेल्यांचा!"

"शिव्या नको देऊस. एकानं इओतेबाचं नाव तळहातावर लिहून घेतलं."

"बघ, असते माणुसकी."

"मग जेवायची वेळ झाली, अन् त्यानं हात धुतले."