भिंगरीला ताप नाही

हॅलो?… थांब गं, तोंडात टाचण्या आहेत… हां, बोल. अगं, शाळेतून फोन? वर्गावर नाही गेलीस अजून?

भिंगरी ना? ही काय, घरभर नाचतेय. एक वेणी झालीय, दुसरी घालू देईल तर शपथ! आज परीक्षा ना… हो, हो, सगळ्या सरकारी शाळांना एकच पेपर, माहितीये. 'चौथीच्या बाई माझी सख्खी मावशी आहे' असं गल्लीभर सांगून झालंय तिचं.

ताप? कुणाला?… छे गं, ठणठणीत आहे. आत्ताच दोन अंडी हाणलीत… नाही, पोटही दुखत नाहीये. अशी कुजबुजतेस काय?… हेडसर शेजारी उभे आहेत? बरं, मग?

थांब, थांब. म्हणजे तिला ताप नाहीये, पण यायला हवाय?

अगं बाई!… सरासरी?… म्हणजे कच्ची पोरं घरी बसली की वर्ग हुशार? वा गं वा! मग मीही उसवलेले कपडे पलंगाखाली ढकलते, झाली माझी शिलाई पक्की!… ऐकतेय, ऐकतेय… शाळेचा नंबर घसरला तर तुझी बदली? इतक्या लांब?… अगं, रडू नकोस ना. कळतंय गं मला. पण…

सरावाच्या पेपरात काय दिवे लावले तिनं?… गणितातल्या माळ्यानं झाडं लावली, बरं… आणि ही म्हणाली, एकट्या माळ्यालाच का राबवताय? सगळा वेळ त्यावरच वाद?… हसू नको तर काय करू! तूही हसतेयस, ऐकू येतंय मला.

हे बघ, ऐक माझं. उशाशी पेन्सिली घेऊन झोपली होती ती. मावशीला पेपर पूर्ण सोडवून दाखवायचाय म्हणे. 'तू येऊ नकोस' हे माझ्या तोंडून नाही निघायचं. तूच सांग… नाही कशी? बाई तू आहेस तिची… ते काही नाही. ए भिंगरे, ये इकडे! मावशीला काहीतरी सांगायचंय तुला. घे, कानाला लाव…

काय गं? काय म्हणाली?… 'पळत ये, मी दारात उभी आहे'? असं म्हणाली? हेडसरांसमोर?… आणि फोन ठेवला?

माझी गुणाची बहीण ती!… काही नाही गं, मला काय होतंय? तू बघत काय उभी राहिलीस? पळ, बाई वाट बघतायत!